माधवीचे निरोप

बडनेऱ्याच्या अलीकडच्या एका गावात माधवी अकरा वर्षं अंगणवाडीत मदतनीस होती. खिचडी शिजवायची, पोरांची नाकं पुसायची, सतरंज्या झटकायच्या. तिथल्या सेविका जूनमध्ये निवृत्त होणार होत्या आणि त्यांची जागा माधवीला मिळण्यासारखी होती. अडचण एकच, बारावी. बाकीचे विषय निघाले होते, पण इंग्रजीनं दोनदा दगा दिला. दुसऱ्या खेपेला एकतीस गुण पडले. चार गुणांनी जागा हुकायची वेळ आली होती, आणि फेब्रुवारीत पुन्हा नापास झाली, तर ती जागा बाहेरच्या कोणाला तरी जाणार हे तिला पक्कं ठाऊक होतं.

शेजारच्या नत्थुजींची प्रणाली अमरावतीला स्पर्धा परीक्षेच्या क्लासला जायची. तिनं जुने पेपर आणून दिले आणि संध्याकाळी वह्या तपासायला बसली. व्याकरणाचे गुण हातचे सोडू नका, असं तिचं म्हणणं. इनडायरेक्ट स्पीच, म्हणजे एकाचं बोलणं दुसऱ्याच्या तोंडून सांगणं, हा भाग तर सगळ्यात सोपा.

माधवीला तोच येईना. काळ, सर्वनामं सगळी बरोबर बदलायची. पण मालक नोकराला म्हणाला, 'गेट आउट', या वाक्याचं तिनं केलं की मालकानं नोकराला कृपया थोडं बाहेर थांबायची विनंती केली. गुरुजी पोराला मूर्ख म्हणाले, त्याचं झालं, गुरुजींनी पोराला आणखी अभ्यास करायचा सल्ला दिला.

प्रणालीनं पेन खाली ठेवलं. "काकू, हा मालक तुमचा मामासासरा हाय का? काहून त्याची अब्रू झाकून राहिल्या?"

माधवी लाजून हसली. खरं कारण घरात होतं. चार वर्षांमागं अकोल्याला सासूच्या भाच्याचं लग्न होतं. पंगत लांबली म्हणून तिचे सासरे खुशालराव उपाशीपोटी चिडले आणि बायकोला न सांगता एकटेच एसटीनं घरी निघून आले. मनकर्णाबाई मांडवभर नवऱ्याला शोधत फिरल्या. तेव्हापासून दोघांत अबोला. खुशालराव ओसरीत, मनकर्णाबाई स्वयंपाकघरात, आणि मधल्या दारात माधवी. 'तिले सांग' आणि 'त्याईले सांग' यांच्यात तिचा दिवस जायचा. ओसरीतून आलेला निरोप उंबऱ्यावर ती धुऊन-पुसून घ्यायची. वरणात डाळ शोधायला दुर्बीण लागते, असं खुशालराव म्हणाले, की आत पोचायचं, 'मामाजी म्हणते का वरण जरासं घट्ट पायजे होतं.' उलट दिशेनंही तसंच. इतकी वर्षं हात बसलेला. इंग्रजीत तरी तो कसा आवरणार?

हे ऐकून प्रणालीनं औषध सांगितलं. आठ दिवस निरोप जसाच्या तसा पोचवायचा, मग तोच इंग्रजीत लिहायचा. "घर मोडल माहं," माधवी म्हणाली. प्रणालीचं उत्तर तयार होतं, "पेपर तं निंगल."

दुसऱ्या दिवशी सकाळी खुशालरावांनी झुणक्याचा पहिला घास घेतला आणि ताट जरा पुढं सरकवून शेरा मारला. माधवी दारात गेली. एका दमात ती म्हणाली, "मामाजी म्हणाले का हा झुणका भिताडाले लावला असता, तं पोपडे निंगाले नसते."

मनकर्णाबाईंचा भाकर थापता हात थांबला.

"असं म्हणाले?"

"हो. शब्द न शब्द."

"अन् इतके दिवस काय म्हणत होते?"

माधवीनं सगळं कबूल केलं. आता आपल्यावर भांडं येतं की काय, म्हणून ती भिंतीला टेकून उभी राहिली. मनकर्णाबाई मात्र हळू म्हणाल्या, "बरं हाय, चांगलं हाय, जरासं घट्ट पायजे होतं... मले वाटलं, मानूस पार विझला. रात्री उठून पाहो मी, श्वास चालू हाय का नाई."

पिठाच्या हातानंच त्या ओसरीत गेल्या. "भिताडाले लावाचं हाय ना? थापी आनून देतो. लावा."

खुशालरावांचा घास गालातच राहिला. सवयीनं त्यांनी उत्तरासाठी दाराकडं पाहिलं.

"तिकडं काय पाहता? मी इकडं उभी हाय."

पुढं दोन तास त्या ओसरीत अकोल्याचं लग्न नव्यानं लागलं. पंगत, एसटी, उपाशी पोट, मांडवातली शोधाशोध, काही सुटलं नाही. करपलेली भाकर तव्यावरून काढून माधवीनं वही उघडली आणि ऐकू येईल ते इंग्रजीत उतरवत गेली. संध्याकाळी प्रणालीनं तपासलं. अकरा वाक्यांत दोन चुकली होती. दोन्हींत प्लीज घुसलं होतं.

पेपरात आलं ते वाक्य असं, की बाप मुलाला म्हणाला, पुन्हा मला तोंड दाखवू नकोस. माधवीला त्या पोराचं वाईट वाटलं. पेन थोडा वेळ अधांतरी राहिलं. मग तिनं जसं होतं तसं लिहिलं. बाहेर मोटरसायकल घेऊन थांबलेल्या नवऱ्यानं, नितेशनं, कसा गेला म्हणून विचारलं. "बापानं पोराले हाकलून देल्लं," ती म्हणाली. "मी मधात पडलो नाई."

मे महिन्यात निकाल लागला. इंग्रजीत एकोणचाळीस. नितेशनं मोबाइलवर दोनदा वाचून दाखवले, तरी तिनं तिसऱ्यांदा स्वतः पाहिले.

गुणपत्रिका हाती आल्यावर ती अर्जाला जोडून अमरावतीच्या कार्यालयात द्यायची होती. सोबत आपणच जाणार म्हणून सासू-सासरे दोघंही हटून बसले, म्हणून दोघांनाही घ्यावं लागलं. ऑटोत त्यांच्यामध्ये, कागद छातीशी धरून माधवी बसली. एकीकडून खुशालराव, दुसरीकडून मनकर्णाबाई, तिच्या डोक्यावरून थेट एकमेकांशी भांडत होते. तिला अमरावतीपर्यंत कोणाचं काही कोणाला सांगावं लागलं नाही.