मिशी लावून हजेरी

"ट्राय अगेन," मशीन सातव्यांदा म्हणालं.

सोमवारी सकाळी आठला पाच मिनिटं कमी होती आणि परबकाका गेटवरच्या मशीनसमोर उभे होते. चारकोपच्या इंडस्ट्रियल इस्टेटमध्ये आमची कंपनी प्लास्टिकची झाकणं बनवते. काका तिथे अठरा वर्षं मोल्डिंग ऑपरेटर आहेत. वॉचमन त्यांना ओळखत होता, मीही ओळखत होते. मशीन ओळखत नव्हतं. काकांचे वडील गावी वारले होते आणि दहाव्याला त्यांनी डोक्याचे केस, मिशी, सगळं काढलं होतं.

मी एचआरमध्ये ट्रेनी आहे, दुपारनंतर कॉलेज. घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच, त्यामुळे मला सगळ्या मशीनचं कळतं असं बाबांना वाटतं. देसाई सरांनाही तसंच वाटतं. ते माझे मॅनेजर.

मशीनचं काम साधं आहे. नोंदणीच्या दिवशी ते चेहऱ्याचा फोटो घेतं आणि मग रोज ताडून बघतं. जुळला नाही तर माणूस आलाच नाही. रजा संपल्यावर सलग तीन दिवस असं झालं, की सिस्टिम आपोआप 'नोकरी सोडली' अशी नोंद करते. काका परमनंट होते. नवीन भरती मात्र सगळी कंत्राटी. एकदा नाव गेलं की ते परत परमनंट होणार नव्हते.

"केस काढायला कोणी सांगितलं होतं?" देसाई सर म्हणाले.

"सर, वडील गेले त्यांचे."

"ते कळलं गं. मशीनला कोण सांगणार?"

"तुम्ही सही करून हजेरी लावा ना."

"सही बंद करायलाच मशीन आणलं ना आपण?"

गेल्या वर्षी मालकांनीही मुंडण केलं होतं, हे मला आठवलं. त्यांच्या मजल्यावर मशीन नाही.

मी हेल्पलाइनला फोन लावला. नवीन चेहरा नोंदवता येतो, असं तिथली मुलगी म्हणाली. पण त्यासाठी आधी जुन्या चेहऱ्याने लॉगिन करावं लागतं.

"जुना चेहरा आता नाहीये," मी म्हटलं.

"मग जुना रेकॉर्ड डिलीट करा, मॅडम. नवीन जॉइनिंग दाखवा."

म्हणजे कंत्राटी. मी फोन ठेवला.

सोमवार, मंगळवार वॉचमनने आत सोडलं, म्हणून काका दिवसभर मोल्डिंगचं मशीन चालवत होते आणि सिस्टिममध्ये गैरहजर होते. त्यांनी केलेली झाकणं मात्र मोजली गेली.

बुधवारी पॅकिंगमधले नाईक एक पिशवी घेऊन आले. ते दशावतारात राजा होतात. पिशवीत राजाची मिशी होती.

"अरे, ही कानापर्यंत जाता!" काका म्हणाले.

नाईकांनी कात्री घेतली. राजाची मिशी ऑपरेटरच्या मापाची झाली. काकांनी ती गोंदाने चिकटवली आणि मशीनसमोर उभे राहिले.

"थँक यू," मशीन म्हणालं.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. काका हसले नाहीत. मिशी हाताने दाबत मला म्हणाले, "बापाशीसाठी काडलंय, आता ह्या डब्यासाठी लावतंय." वडील कशाने गेले, हे मी तेव्हा पहिल्यांदा विचारलं.

पुढचा दीड महिना काका रोज सकाळी मिशी लावून आत येत आणि काढून खिशात ठेवत. खरी मिशी उगवली तेव्हा ते सुटले.

असं पुन्हा होऊ नये म्हणून मी रजेच्या फॉर्ममध्ये एक रकाना सुचवला: 'रजेनंतर चेहऱ्यात बदल होणार आहे का? हो/नाही.' देसाई सरांना तो फार आवडला. फॉर्म एका पानात बसायला हवा होता, म्हणून त्यांनी 'कोण वारले' हा रकाना काढून टाकला.