भोगीच्या जाळात गेलेलं रीळ

महाराष्ट्रात भोगी म्हणजे तिळाची भाकरी आणि मिसळीची भाजी. आम्ही तंजावरकडचे मराठी. पिढ्यान्‌पिढ्या इथं तमिळनाडूत राहून भोगीच्या पहाटे दारात जुनं जाळायला शिकलो. फाटक्या चटया, मोडक्या टोपल्या, जाळा खुशाल! पण माझ्या धाकट्या भावानं यंदा जे जाळलं, ते सांगताना अजून माझं डोकं फिरतं.

सिनेमा मुका होता तेव्हा माझ्या आईच्या आईनं मद्रासेत एका चित्रपटात काम केलं होतं. आई पाळण्यात असतानाच ती वारली. घरात तिचा एक फोटो नाही. नटीचा फोटो भिंतीवर लावतंय कोण! चित्रपटही हरवला, असंच सगळे धरून चालले होते. आणि दिवाळीत आईच्या आजोळी, तंजावरला, माळ्यावर पत्र्याचा डबा सापडला. आत त्याच चित्रपटाचं एक रीळ. नव्वदीला टेकलेली आई डबा मांडीवर घेऊन बसली. "डोळे मिटायच्या आधी तिला चालताना बघीन गं," म्हणाली. जुन्या फिल्मा दुरुस्त करणारा एक जण पोंगल झाल्यावर पुण्याहून येणार होता. तोवर डबा उघडू नका, असं त्यानं बजावलं होतं.

आई भावाकडे राहते. डब्याला घाण वास येतो, ही भावजयीची कुरकुर. भोगीला या भाऊसाहेबांनी डबा उघडला. रीळ चिकट झालेलं. "नासलंय," हे स्वतःच ठरवलं आणि दिलं जाळात टाकून! असा भडका उडाला की गल्लीतली पोरं शिट्ट्या मारत नाचली. डबा मात्र धुऊन ठेवला, मुरुक्कू, म्हणजे इथल्या चकल्या, ठेवायला! अरे मेल्या, आत झोपलेल्या आईला एक हाक मारवली नाही तुला?

कळलं तशी मी चेन्नईतल्या माझ्या टी. नगरच्या घरून रिक्षा करून त्याच्याकडे गेले आणि तोंडाला येईल ते बोलले. तो मान खाली घालून उभा. आई चिडली नाही, त्याचा तर मला आणखीच राग आला. तिनं त्याचा हात धरला.

"टाकायच्या आधी उजेडाला धरून पाहिलंस का रे?"

"पाहिलं. एक बाई होती."

आई सरसावून बसली. "कशी होती?"

"नीट लक्ष नाही दिलं गं."

"कपाळ? केस? माझ्यासारखी दिसत होती का? आठव ना रे."

त्याला काही आठवेना. अरे, खोटं बोल! अगदी तुझ्यासारखी होती, एवढं तरी म्हण! गाढवाला तेवढंही सुचलं नाही.

आई अजून रोज त्याला विचारते.