पुराची खिडकी

राहीबाई कापड्याहून महाडात बांधाच्या आळीत सून म्हणून आली, तेव्हा सासूने तिला चुलीआधी माळा दाखवला. नदीला पूर आला की पाणी पहिलं याच आळीत घुसतं, हे ओळखून जुन्यांनी इथली घरं बांधली होती. खाली काळ्या दगडाचं जोतं, त्यावर मातीच्या भिंती, सागाचे खांब आणि घरोघरी फळ्यांचा माळा. घराला घर चिकटलेलं, आणि दोन माळ्यांच्या मधल्या भिंतीत माणूस वाकून जाईल एवढी खिडकी. पाणी चढलं की माणसं या माळ्यावरून त्या माळ्यावर करत आळीच्या वरच्या टोकाला सुखरूप निघत. या खिडकीला कडी लावायची नाही, असा आळीचा कायदा होता. भावाभावांत कोर्टकचेरी झाली, बोलणं तुटलं, तरी कडी लागली नाही.

एरवी बायका त्या खिडकीतून विरजण आणि चुगल्या पोचवत. राहीबाईचं घर नदीकडचं शेवटचं. त्यामुळे प्रत्येक बातमी आपल्याला शिळी मिळते, अशी तिची जन्माची तक्रार.

शेजारच्या भरतने मुंबईच्या कमाईवर जुनं घर पाडून स्लॅबचं बांधायला काढलं. तोवर राहीबाईचा नवरा गोमाजी लकव्याने अंथरुणाला खिळला होता. भिंत उठायला लागली तशी ती जाऊन म्हणाली, बाबा, खिडकी तेवढी ठेव. भरत हसला. माणूस वाईट नव्हता हो. मुंबईहून आला की काकांसाठी फळं आणणारा. पण नव्या बेडरूमला भोक ठेवायचं कशाला, हे काही त्याच्या डोक्यात शिरेना. पाणी वाढलंच तर काकांना मी उचलून आणीन, असं त्याने तोंडभरून सांगितलं. राहीबाई पुन्हा पुन्हा गेली, मग तिची तिलाच लाज वाटली.

एकवीस सालच्या जुलैत पावसाने ताळ सोडला, तेव्हा भरत गावीच होता. बोलल्याप्रमाणे तो आलाही. काकांना आमच्याकडे नेतो म्हणाला. आणि इथेच राहीबाईची जीभ फिरली. पूर म्हटलं की माळा, हे हाडात मुरलेलं. ती बोलून गेली, “माळ्यावर ठेव त्यांना.” भरतनेही ठेवलं. त्याचंही लहानपण याच आळीतलं.

सकाळी पाणी आलं ते दाराच्या वरपर्यंत. राहीबाई शिडी चढून माळ्यावर आली, सवयीने खिडकीकडे वळली, आणि समोर सिमेंटची भिंत. तेव्हा कुठे तिला आपण काय करून बसलो ते कळलं. कौलं सारून ती एकटी बाहेर पडलीही असती. गोमाजीला कसं नेणार? भरत कौलांवरून आला असता, तरी भिजल्या भिंतींवरचं छप्पर दोघांचा भार पेलणार नव्हतं.

भिंतीपलीकडे पहारीचे घाव बसू लागले. भरतला खिडकीची जागाच आठवेना. राहीबाईने मुसळाने ठोकून दाखवली, तर नेमका तिथेच बीम. पहार नुसती उडायची. शेवटी बीमखाली, फळ्यांना लागून, एक हात जाईल एवढं भोक पडलं. आणखी फोडावं तर हादऱ्याने इकडची मातीची भिंत, भिजलेली, ढेकळाढेकळाने कोसळायला लागली. राहीबाईनेच त्याला थांबवलं.

मग तिने गोमाजीचा हात त्या भोकातून पलीकडे दिला. भरतने तो दोन्ही हातांनी धरला. काका, बोट येतेय, मित्रांना फोन केलेत, असं तो बोलत राहिला. पाणी फळ्यांवर आलं. राहीबाईने नवऱ्याचं डोकं मांडीवर घेतलं, पदराने त्याचं तोंड पुसत राहिली. तिला देवाचा राग आला, भरतचा आला, आणि सगळ्यांत जास्त स्वतःचा.

दुपारी कधीतरी पाणी वाढायचं थांबलं. त्याच सुमाराला मांडीवरचं डोकं एकदम जड झालं. राहीबाईने नाकापुढे बोट धरलं. पुन्हा धरलं. तिने पदराचा बोळा तोंडात कोंबला. पलीकडे कळलं की भरत हात सोडील. का नाही सोडणार? मेलेल्या माणसाचा हात कोण धरून बसतं? आणि मग या माळ्यावर, या पाण्यात, ती एकटी.

“काकी, हात लय गार लागतोय,” भरत म्हणाला. “काका बरे हायत ना?”

“हायत,” राहीबाई म्हणाली. “सोडू नको रे.”