न उडणाऱ्या हिरोची डायरेक्टर काकू

सुपरहिरोच्या सिनेमाचा शेवटचा अर्धा तास राहिला की डायरेक्टर काकू थिएटरमधून उठून जायच्या. बाकीचे लोक पैसे मोजायचे ते त्याच अर्ध्या तासासाठी. काकू मात्र पर्स उचलायच्या आणि वाकून, सगळ्यांना "सॉरी, सॉरी" म्हणत रांगेतून बाहेर पडायच्या. एकदा मीही त्यांच्या मागोमाग बाहेर आलो आणि विचारलं, तर म्हणाल्या, "आता इमारती पडणार. मला नाही बघवत. त्या खिडक्यांच्या आत कोणीतरी भाजी निवडत बसलं असेल की रे! त्यांचं पुढं काय झालं ते कधी दाखवतात का?"

त्या चित्रकलेच्या शिक्षिका. निवृत्त झाल्या तेव्हा काका जाऊन तीन-चार वर्षं झाली होती आणि मुलगी लग्न होऊन कोल्हापूरला गेली होती. इंदिरानगरच्या घरात एकट्या राहायच्या. लोक निवृत्तीनंतर भजनी मंडळ धरतात, काकूंनी सिनेमा धरला. मी लग्नांचं शूटिंग करणारा मुलगा, त्यांच्याच बिल्डिंगमध्ये तळमजल्यावर राहायचो. एक दिवस त्यांनी मला पार्किंगमध्ये बोलावलं. फरशीवर खडूनं अख्खा सिनेमा काढून ठेवला होता. एकेक चौकोन, त्यात एकेक प्रसंग. गाड्या यायच्या, चाकांनी अर्धे प्रसंग पुसले जायचे आणि काकू न कंटाळता परत काढायच्या. पुसलेलं दुसऱ्यांदा जास्त चांगलं जमतं, असं त्यांचं म्हणणं.

गोष्ट साधी होती. एका मुलाला उडता येतं. सगळ्या कॉलनीला ते माहीत असतं. पण तो अख्ख्या सिनेमात एकदाही उडत नाही. तो लोकांची गॅस सिलिंडरं वर नेऊन देतो, म्हाताऱ्यांना दवाखान्यात नेतो, सगळं पायी पायी. शेवटी वैतागलेली कॉलनी खाली जमते आणि ओरडते, "उड! उड!" तो पाण्याच्या टाकीवरून खाली बघतो, वळतो आणि जिन्यानं उतरून त्यांच्यात येऊन उभा राहतो. संपलं.

"मारामारी?" मी विचारलं.

"नाही."

"व्हिलन?"

"ते 'उड' म्हणणारे आहेत ना!"

हिरोचं काम तुषारला दिलं. तो मूळचा सायखेड्याचा, आमच्या मागच्या गल्लीत खोली घेऊन स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करायचा. उंच, शांत, फार न बोलणारा. काकूंची एक सवय होती. कुठल्याही पात्राचा विषय निघाला की त्या आधी विचारायच्या, "याच्या घरी कोण असतं?" त्यांनी तुषारला हिरोबद्दल हेच विचारलं. तो म्हणाला, "वडील. त्यांना वाटतं, हा उडेलच." काकूंनी ते वाक्य तसंच सिनेमात घेतलं. आम्हाला वाटलं, पोरगा किती छान विचार करतो!

शेवटच्या प्रसंगाचं शूटिंग एका रविवारी दुपारी होतं. आमच्या बिल्डिंगच्या गच्चीवर, अंगणाच्या बाजूच्या कडेला, उंच चौथरा आहे, त्यावर पाण्याची टाकी आणि वर जायला लोखंडी शिडी. मी आणि काकू गच्चीवर, कॅमेऱ्याजवळ. खाली अंगणात शेजारपाजारचे पन्नासएक लोक, हौसेनं आलेले. तुषारनं टाकीच्या मधोमध उभं राहायचं, खाली बघितल्यासारखं करायचं आणि वळून शिडीकडे यायचं, एवढंच ठरलं होतं. कडेला जायचंच नव्हतं. काकूंनी माझ्याकडून तिथं खडूची रेघ मारून घेतली होती.

मी कॅमेरा सुरू केला. खालून आवाज चढायला लागला. "उड! उड!" तुषारनं खाली बघितलं. मग त्यानं रेघ ओलांडली.

मला वाटलं, जास्तीचं काहीतरी करून दाखवतोय. मी भिंगातून त्याचा चेहरा जवळ आणला. तो चेहरा काम करणाऱ्याचा नव्हता. आणखी एक पाऊल पुढं. खालच्या लोकांना ते बघून चेवच आला. टाळ्या, शिट्ट्या, "उड! उड!"

काकूंनी "कट" म्हटलं नाही. त्यांनी मोबाईल काढला आणि खाली उभ्या असलेल्या सोसायटीच्या सेक्रेटरी बाईंना अगदी हळू आवाजात सांगितलं, "सगळ्यांना सांगा, शॉट झाला. चहा सांगितलाय म्हणावं, मागच्या गेटकडे न्या. वर कोणी बघू नका. कारण विचारू नका." मग मला म्हणाल्या, "तू हलू नकोस. हाक मारू नकोस."

साडीचा पदर खोचला आणि त्या शिडी चढायला लागल्या. त्यांना घरचा जिना चढताना दर मजल्यावर थांबावं लागायचं. ती शिडी हलत होती, तिचा लोखंडी आवाज मला अजून ऐकू येतो.

"तुषार, मी वर येतेय."

"काकू, नका येऊ. प्लीज."

"आलेच."

खालचा गोंगाट हळूहळू मागच्या बाजूला सरकला. एकदम शांतता झाली आणि ती जास्त भीतिदायक वाटली. काकू वर पोहोचल्या आणि शिडीजवळच मटकन बसल्या. त्याच्याकडे गेल्या नाहीत.

"जीव द्यायचा विचार आहे का रे?" त्यांनी सरळ विचारलं.

तो म्हणाला, "निकाल लागला. मी पास नाही झालो. बाबांना सांगितलं, झालो म्हणून. त्यांनी गावात पेढे वाटले, काकू."

मला वाटलं, आता त्या समजूत घालतील. असं करू नये, आयुष्य मोठं आहे, वगैरे. त्या म्हणाल्या, "मी इथून खाली बघितलं आणि मला गरगरतंय. मला एकटीला उतरता येणार नाही. हात दे."

"तुम्ही मला फसवताय."

"नाही रे. हे बघ."

त्यांनी दोन्ही हात पुढं धरले. ते हात थरथरत होते, खालून मलाही दिसत होते. तुषार त्यांच्याकडे बघत राहिला. मग तो कडेपासून मागं सरला आणि रडायला लागला. काकूंनी त्याला रडू दिलं. उतरताना तो आधी शिडीवर आला, त्यांचा एकेक पाय हातानं धरून पायरीवर ठेवत त्यांना खाली घेऊन आला. गच्चीवर पाय टेकल्यावर त्यांनी त्याचं मनगट जे धरलं, ते घरी जाईपर्यंत सोडलं नाही.

माझा कॅमेरा सगळा वेळ चालूच राहिला होता. काकूंनी ते बघितलंसुद्धा नाही. "पुसून टाक. हे आपल्या सिनेमाचं नाही," एवढंच म्हणाल्या.

घरी गेल्यावर त्यांनी तुषारला विचारलं, "वडिलांना तू सांगतोस की मी सांगू?"

"तुम्ही."

त्याला सेक्रेटरी बाईंजवळ बसवलं, एकटं सोडू नका म्हणून बजावलं आणि आम्ही दोघं माझ्या गाडीनं सायखेड्याला निघालो. तुषारच्या वडिलांची पिठाची गिरणी. भुवयांवर पीठ, आवाजात आनंद. "या बाई, या! पेढा घ्या."

काकूंनी पेढा हातात घेतला. "तुमचा मुलगा सुखरूप आहे, आधी एवढं ऐका," म्हणाल्या आणि मग सगळं सांगितलं. आधी निकाल, मग टाकी. काही लपवलं नाही. गिरणी चालूच होती, त्यामुळे त्यांना मोठ्यानं बोलावं लागत होतं. त्या बापाचा चेहरा मला बघवेना. तो गव्हाच्या पोत्यावर बसला.

"त्यो कुठं हाय आत्ता?"

"माझ्या घरी."

तो उठला. गिरणीचं बटण बंद केलं. दळण अर्धंच झालेल्या बाया बघत राहिल्या. "उद्या या," तो म्हणाला आणि पायात चप्पल न घालता गाडीत येऊन बसला.

पुढचे काही महिने तुषार डॉक्टरांकडे जात होता. काकू प्रत्येक वेळी सोबत जायच्या, बाहेर बाकावर बसून चित्रं काढायच्या. सिनेमाचं नाव त्यांनी काढलं नाही. तुषारनंच एक दिवस विचारलं, "काकू, शेवट राहिलाय ना आपला?" मग शेवट अंगणात घेतला. लोक वर बघून ओरडतायत, आणि तो त्यांच्या मागून, जिन्याच्या दारातून बाहेर येतो. टाकी दाखवलीच नाही.

गंगापूर रोडवरच्या एका छोट्या हॉलमध्ये आम्ही सिनेमा दाखवला. काही पोरं "अरे, उडव ना!" म्हणून मध्येच उठून गेली. काकूंचा चेहरा उतरलेला मला दिसला. दिवे लागल्यावर तुषारचे वडील त्यांच्याकडे आले.

"बाई, म्हंजे त्यो ह्यात उडतच नाय?"

"नाही."

"लय बेस केलं," ते म्हणाले आणि त्यांनी तोंड फिरवलं.

त्यानंतर काकू मुलीकडे कोल्हापूरला राहायला गेल्या. आम्ही करायच्या दुसऱ्या सिनेमाबद्दल माझ्याशी फोनवर भांडायच्या. माझा कॅमेरा फार हलतो, ही तक्रार शेवटपर्यंत होती. मागच्या थंडीत एका सकाळी त्यांच्या मुलीचा फोन आला. काकू झोपेतच गेल्या होत्या. मी तुषारला फोन करून कळवलं. तो आता सिन्नरला नोकरीला आहे. मी म्हटलं, "मी कोल्हापूरला निघतो, लांबचा रस्ता आहे."

"थांब," तो म्हणाला. "मी बाबांना घेऊन येतोय. तू एकटा निघू नकोस."