बाईसाहेबांनी गिळलेलं पांघरूण

माझी आत्या प्राणिसंग्रहालयात सापांकडे लागली ती तिच्या तोंडामुळे. आधी ती तिकीट खिडकीवर होती. तिकीट फार महाग आहे म्हणून हुज्जत घालणाऱ्या एका गृहस्थाला तिनं सांगितलं, "पैसे बाहेर फिरणाऱ्यांना पडतात. पिंजऱ्यात राहायचं असेल तर फुकट आहे, बोला, कुठला देऊ?" ते गृहस्थ नेमके साहेबांचे व्याही निघाले. साहेबांनी आत्याला उचलून सर्पालयात टाकलं. सापांना बाहेरचे कान नसतात, जमिनीची थरथर तेवढी त्यांना कळते. तेव्हा ही बाई तिथं दिवसभर बोलली तरी कुणाची तक्रार येणार नाही, हा त्यामागचा विचार. साहेबांनी आयुष्यात डोकं चालवून केलेली ती एकमेव गोष्ट, असं आत्या अजून म्हणते.

सर्पालय म्हणजे एक लांबोडकं दालन. समोरून काचा, काचांमागे खोल्या आणि खोल्यांच्या मागून एक अरुंद बोळ. लोक काचेतून साप बघतात आणि बोळातून आत्या लोकांना बघते. बोळात एक मोरी, एक किटली, मेलेले ससे आणि कोंबड्या ठेवलेला एक फ्रीजर आणि आत्याची खुर्ची. फ्रीजरच्या वरच्या कप्प्यात तिचा जेवणाचा डबा असायचा. आईनं हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा तो डबा घरात घ्यायलाच नकार दिला.

शेवटच्या खोलीत बाईसाहेब. बाईसाहेब ही अजगराची मादी, मांडीएवढी जाड आणि आमच्या स्वयंपाकघरात सरळ झोपली तर शेपूट बाहेरच्या खोलीत जाईल इतकी लांब. कुणाच्या तरी सामानात लपवून आणलेलं करंगळीएवढ्या जाडीचं पिल्लू म्हणून ती आली तेव्हा आत्या तिथं नवीनच होती. दोघी बरोबरच तिथं मोठ्या झाल्या. आत्यानं लग्न केलं नाही, आणि त्याला बाईसाहेब थोड्याफार जबाबदार आहेत.

झालं असं की एक स्थळ घरी जेवायला आलं होतं. बरा होता मुलगा. त्यानं उकडलेलं अख्खं अंडं तोंडात टाकलं आणि भरल्या तोंडानंच, चौकशी करायची म्हणून, विचारलं, "तुमचं नेमकं काम काय असतं?" आत्याला कुणी कामाचं विचारलं की तिचं भान सुटतं. तिनं सांगितलं की साप जबडा निखळवून खातो हे लोकांचं आपलं काहीतरी. जबडा निखळत नाही. खालच्या जबड्याचे दोन भाग पुढे हनुवटीला हाडानं जोडलेलेच नसतात, मधे ताणता येणारा पट्टा असतो. म्हणून तोंड एवढं उघडतं. मग उजवी बाजू पुढे सरकते, दात रोवते, मग डावी बाजू. तोंडच भक्ष्यावरून चालत जातं म्हणा. "आधी डोकं," ती त्या मुलाच्या गालातल्या फुगवट्याकडे बघत म्हणाली, "म्हणजे पाय मागे दुमडतात आणि अडकत नाहीत. आणि श्वास कोंडू नये म्हणून श्वासनळीचं तोंड जिभेखालून असं बाहेर काढतात. तुम्हाला ते जमायचं नाही, तुम्ही पाणी प्या." मुलाला ठसका लागला तो दारापर्यंत पुरला. पुन्हा काही तो फिरकला नाही.

बाबा गेल्यानंतर घरात आम्ही तिघी उरलो. आई, आत्या आणि मी. आईचं आणि आत्याचं कशावरूनही वाजायचं. आई प्रत्येक घास हिशोबानं चावते, आत्या चार घासांत ताट रिकामं करते.

"वन्सं, चावून खा. पोटात दात नसतात."

"बाईसाहेबांच्या तोंडातले दातसुद्धा चावायचे नाहीत, वहिनी. नुसते धरायचे. सगळे आत वळलेले. पुढचं सगळं पोट बघतं, हाडंसुद्धा विरघळवतं. जेवल्यावर तिचं काळीजसुद्धा आकारानं वाढतं, माहितीय तुला?"

"तुमचं नाही वाढलं कधी," आई म्हणायची आणि ताटं उचलायची.

आत्याचा कामावर एकच नियम होता. जेवलेल्या सापाला हात लावायचा नाही. पोटात एवढा मोठा ऐवज असताना सापाला कुणी उचललं, घाबरवलं, की तो हलकं होऊन पळता यावं म्हणून सगळं उलटून टाकतो. आणि त्यात त्याचा जीव खूप खर्ची पडतो. ऊबही लागते. थंडी पडली की पचन थांबतं आणि खाल्लेलं आतच सडायला लागतं. बाईसाहेब जेवल्या की आत्या काचेवर पाटी लावायची: 'यांचं जेवण झालेलं आहे. काचेवर टकटक करणाऱ्यास आत सोडण्यात येईल.' कचेरीनं ती पाटी काढायची, आत्यानं परत लावायची. ती बोळात चालायचीही चप्पल काढून. ही बाई घरात दारं अशी आपटायची की शेजारच्यांची घड्याळं बंद पडावीत.

एका वर्षी ऐन थंडीत बाईसाहेबांच्या खोलीतला हीटर बंद पडला. दुरुस्तीवाला म्हणाला, उद्या येतो. आत्या तडक घरी आली, आईच्या पलंगावरचं लोकरीचं पांघरूण उचललं आणि गेली. विचारलं नाही. ते पांघरूण म्हणजे आईनं घरातल्या जुन्या स्वेटरांची लोकर उसवून विणलेले चौकोन. माझ्या शाळेच्या स्वेटरचा निळा, आईचा स्वतःचा लाल आणि शेवटच्या टोकाला बाबांचा तपकिरी. बाबा गेल्यावर तो स्वेटर कुणाला द्यायचा नाही आणि कपाटात बघवतही नाही, म्हणून आईनं त्याचं हे केलं होतं.

आत्यानं गरम पाण्याच्या रबरी पिशव्या त्यात गुंडाळून बाईसाहेबांच्या बाजूला ठेवल्या. नुसतं पांघरूण घालून उपयोग नव्हता. सापाच्या अंगात स्वतःची ऊब नसते, ती बाहेरून द्यावी लागते. दुसऱ्या दिवशी हीटर सुरू झाला. खोली तापली, बाईसाहेब जीभ काढून फिरू लागल्या. आत्याला इतका आनंद झाला की तिनं पिशव्या काढल्या, जेवणाचा दिवस होताच, ससा कोमट करून आणला आणि चिमट्यात धरून पुढे केला. पांघरूण तेवढं तिथंच राहिलं. कोमट, मऊ, आणि ससा धरलेले हात ज्याला पुसले होते असं.

बाईसाहेबांनी ससा धरला तो पांघरुणाच्या कोपऱ्यासकट. ओठांवरच्या खळग्यांनी ऊब हुंगणाऱ्या जनावराला ससा कुठं संपतो आणि आमच्या घरची लोकर कुठं सुरू होते ते कळायचं कारण नव्हतं. आत्या ओढायला गेली, पण आत वळलेले दात लोकरीत रुतलेले. ओढलं तर दातांसकट जबडा फाटणार. उजवी बाजू पुढे, डावी बाजू पुढे. आधी ससा गेला, मग निळं, मग लाल, मग तपकिरी. सगळं गिळून झाल्यावर बाईसाहेबांनी दोनदा जांभई देऊन जबडा पुन्हा जुळवून घेतला. आत्या सांगते की तिनं आयुष्यात एवढं नीटस जेवताना कुणाला पाहिलं नव्हतं.

तिनं पाटी लावली आणि घरी आली. घरी येऊन ती गप्प बसली. आत्या गप्प बसल्यावर आईला वाटलं, हिला ताप आलाय.

"वन्सं, माझं पांघरूण कुठाय?"

आत्यानं सांगितलं. आईनं शांतपणे गॅस बंद केला. मला वाटलं, आता घराचे दोन भाग होणार. आई एवढंच म्हणाली, "त्यात ह्यांचा स्वेटर होता." आणि आत जाऊन झोपली. उघडीच. दुसरं पांघरूण घे म्हटलं तर घेतलं नाही.

प्राणिसंग्रहालयाच्या डॉक्टरांनी बाईसाहेबांना तपासलं. चांगला माणूस, उगाच आशा न दाखवणारा. ससा पचेल, म्हणाले, पण लोकर नाही. केस, नखं आणि लोकर सापाला पचत नाहीत. केसांचा पुंजका खालून निघून जातो. पलंगभर पांघरूण जाणार नाही, आतडं तुंबेल आणि ती मरेल. पोट कापून काढता येईल, पण या वयात भूल दिली तर ती उठेलच असं नाही. एकच बरा उपाय: तिला उचलायचं, हलवायचं, पोटाखालून वर सारत आणायचं आणि तिच्याकडूनच उलटवून घ्यायचं. उद्याच.

म्हणजे आत्यानं जन्मभर जे कुणाला करू दिलं नाही, तेच.

दुसऱ्या दिवशी मी आत्याबरोबर गेले. आईही निघाली. "पांघरूण माझं आहे," म्हणाली. एकीला साप हवा होता, एकीला पांघरूण, आणि दोघींचं काम एकाच तोंडातून होणार होतं. सर्पालयात आईनं पूर्वी कधी पाऊल टाकलं नव्हतं. बोळात शिरताना आत्या म्हणाली, "चप्पल काढ." आईनं काढली.

डॉक्टरांनी डोकं धरलं. आत्या मधे, फुगवट्यापाशी. शेपटीकडे पक्षी विभागातला एक माणूस होता, तो घामाघूम. "सारा," डॉक्टर म्हणाले. आत्यानं हात ठेवले आणि तशीच राहिली. तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, हात काही हलेनात.

"मला नाही जमत," ती म्हणाली. "जेवलीय ती."

"सरका, वन्सं," आई म्हणाली.

पदर खोचून आईनं बाईसाहेबांना दोन्ही हातांनी कवळलं आणि कणीक मळावी तशी वर सारायला लागली. सारताना तोंडाचा पट्टा सुरू. "लोकाच्या घरचं पांघरूण खाते! लाज नाही वाटत? टाक. टाक म्हणते ना. सगळं टाक!" बाईसाहेबांना कान नव्हते हे बरंच झालं. आत्या शेजारी गुडघ्यावर बसून म्हणत होती, "हळू, वहिनी, हळू गं, बरगड्या आहेत तिला." आई म्हणत होती, "मलाही आहेत." पण हात हळू झाले.

मग ते अजस्र अंग एकदा आकसलं आणि तोंड उघडलं. डॉक्टरांनी दातांवर ओलं फडकं घातलं, तेल सोडलं. तपकिरी चौकोन आधी आला. मग लाल. मग निळा, आणि शेवटी अर्धवट विरघळलेला ससा, ज्याचं वर्णन मी करणार नाही. तो वास असा होता की पक्षी विभागातला माणूस पळून गेला आणि परत पक्ष्यांकडेच सापडला.

बाईसाहेब निपचित पडल्या. आत्यानं गालाजवळ हात धरला. बऱ्याच वेळानं जीभ बाहेर आली, दोन टोकांची, आणि आत गेली. आत्या भोकाड पसरून रडली. आईनं तिच्या पाठीवरून हात फिरवला, तोच, न धुतलेला.

पांघरूण आईनं किती वेळा धुतलं देवाला ठाऊक. थोडं आटलं, रंग उतरले, पण लोकर शाबूत राहिली. वास मात्र पूर्ण गेला नाही. पावसाळी हवेत अजून येतो. पाहुण्यांनी नाक मुरडलं की आई म्हणते, "आमच्या सापानं गिळलं होतं." आमच्या, म्हणते.

परवा रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर आई ते पांघरूण अंगावर घेऊन झोपली होती. शेजारीण काहीतरी मागायला आली, म्हणून मी आईला उठवायला निघाले. आत्या दारात आडवी उभी राहिली. चप्पल काढलेली, पायांत काही नाही.

"जेवलीय ती," आत्या कुजबुजली. "हात लावायचा नाही."

आणि तिनं दार ओढून घेतलं, आवाज न करता.