गुलाबबाईंच्या फोनातली एकादशी

कोरीटच्या शिवारात गुलाबबाईंचा मळा माझ्या दुकानाला लागूनच आहे. दुकान म्हणजे पत्र्याची शेड. पाण्याच्या मोटारी जळल्या की लोक माझ्याकडे आणतात, मी त्यांच्यात नवी तार भरून देतो. पण गावाचा कायदा असा, की ज्याला तार कळते त्याला पंखा, मिक्सर, टीव्ही आणि मोबाईलही कळलाच पाहिजे. मीही कधी नाही म्हणत नाही. 'येत नाही' एकदा तोंडातून निघालं की धंदा बसतो.

गुलाबबाईंना मी काकू म्हणतो. सत्तरी ओलांडली तरी मिरची आणि पपई दोन्ही त्यांच्या शब्दावर चालतात. बांधावरून मजुरांना आवाज दिला तर शेजारच्या शेतातले मजूरही दचकून कामाला लागतात. नवरा गेल्यावर भाऊबंदांनी 'बाईमाणूस काय शेती करणार' असं म्हणून पाहिलं. आता तेच भाऊबंद रोप कुठून आणायचं ते काकूंना विचारायला येतात, आणि काकू त्यांना आधी चांगलं ताटकळत ठेवतात.

त्यांच्या दोन गोष्टींना कुणी हात लावायचा नाही. एक म्हणजे सुरतेचा भाऊ सुपडू आणि दुसरी म्हणजे एकादशी. डोळ्यांत मोतीबिंदू उतरल्यापासून भिंतीवरचं कॅलेंडर त्यांना दिसेना. तेव्हा मुलानं, हेमकांतनं, आपला जुना फोन त्यांना दिला आणि त्यात बोलणारं पंचांग टाकून दिलं. सकाळी अंघोळ झाली की काकू केशरी चौकोनावर बोट दाबत आणि एक माणूस गंभीर आवाजात तिथी सांगे. त्या माणसावर काकूंचा जेवढा विश्वास होता तेवढा पोटच्या पोरावरही नव्हता.

पुढची गोष्ट मला उशिरा कळली, पण तुम्हाला आधीच सांगून टाकतो.

काकूंना साखर आहे. गोळी घ्यायची आणि वरून निर्जळी एकादशी करायची, असं चाललं होतं. एका एकादशीला त्या पपईच्या ओळीत चक्कर येऊन पडल्या. नंदुरबारच्या डॉक्टरांनी बजावलं, उपास बंद. काकू दवाखान्याच्या पायरीवरच म्हणाल्या, "त्यान्ही माय एकादशी धरत नव्हती का? माले शिकाडस!" विषय संपला.

सून सीमा तेव्हा काही बोलली नाही. सीमा मुळातच कमी बोलते, आणि कमी बोलणारी माणसं काय करतील याचा नेम नसतो. पुढची एकादशी आली तशी तिनं पहाटे उठून फोनातली तारीख एक दिवस मागे नेली. पंचांग म्हणालं, दशमी. काकू म्हणाल्या, "कालदिन बी दशमीच व्हती ना वं?" सीमा म्हणाली, "वृद्धी व्हयनी व्हई, आत्या." दुसऱ्या दिवशी तिनं तारीख जागेवर आणली, तर थेट द्वादशी. म्हणजे एकादशीचा क्षय! पंचांगात तिथी वाढते, तिथी गळते, हे काकूंना लहानपणापासून ठाऊक. त्यांनी मुकाट्यानं भाकरी खाल्ली. मळ्यातलं घर, शेजार म्हणजे माझं दुकान, आणि मला तिथीतलं काही कळत नाही, मग एकादशी आली की गेली हे सांगायला येणार कोण? त्यानंतर दर पंधरवड्याला एकादशीचा क्षय होत गेला. इतका क्षय कोणत्याच ज्योतिष्यानं पाहिला नसेल.

आणि मग तो दिवस उजाडला.

सुपडूमामांचं दुसऱ्या दिवशी सकाळी हृदयाचं ऑपरेशन होतं. हेमकांत सुरतेला त्यांच्या उशाशी होता. ठरलं असं, की हेमकांत दुपारी आपल्या फोनवरून मामांचा चेहरा दाखवणार. पाच वाजले की नातेवाइकांना वॉर्डाबाहेर काढतात, त्यामुळे त्याच्या आत. साध्या कॉलवर काकूंचं भागत नव्हतं. त्या मला म्हणाल्या, "आवाज ते कोनबी काढी लेस. माले त्यान्हं तोंड दखनं शे, नवनीत. सकाय काय व्हई, कोनले मालूम?" हे म्हणताना त्यांचा नेहमीचा खणखणीत आवाज पार बसला होता. मला एकदम भीती वाटली.

दुपारी मी काकूंच्या घरी होतो, फोन माझ्या हातात होता आणि व्हिडिओ कॉलचं अ‍ॅप म्हणत होतं, मी फार जुना झालो, मला स्टोअरमधून नवा करा. स्टोअर उघडलं तर ते म्हणत होतं, जोडणी होत नाही, पुन्हा प्रयत्न करा. पंचांगही सकाळपासून मुकं होतं. तिथी सीमानं तोंडीच सांगितली होती, दशमी म्हणून.

माझा स्वतःचा फोन बटणांचा. पण मी कुठे डगमगतो? मोटार बंद पडली की आपण आधी लाईन पाहतो, मग स्टार्टर, मग आतली तार. तोच क्रम इथे लावला. रेंज पाहिली, पुरेपूर होती. साधा कॉल लावला, लागला. फोन बंद करून चालू केला. सिमकार्ड काढून सदऱ्याला पुसून परत घातलं. स्टोअरच्या पोटात साठलेला कचरा रिकामा केला, तेवढं मला हेमकांतनं एकदा दाखवलं होतं. दर वेळी मी म्हणायचो, "आता लागतंय बघा," आणि दर वेळी स्टोअर म्हणायचं, पुन्हा प्रयत्न करा. शेवटी माझं डोकं फिरलं. दिवसभर हजार वेळा तेच सांगणारा माणूस असता तर मी त्याच्या कानाखाली वाजवली असती.

"फोन म्हातारा झाला, काकू," मी निकाल दिला.

"म्हतारी ते मी बी शे. मी बंद पडनू का?"

मग मी शेवटचा उपाय काढला. फोनमधलं सगळं पुसून तो कोरा करायचा, दुकानातून नवा आणल्यासारखा. काकू म्हणाल्या, "पुसी टाक. माले फक्त सुपडू दखाड." मी त्या बटणापर्यंत पोचलो. फोननं विचारलं, नक्की का?

"भाऊ, थांबा!"

सीमा चुलीजवळून उठून आली होती. तिला फोनमधलं बरंच कळत होतं, हे मला तेव्हा कळलं. कोरा केलेला फोन हेमकांतचा जुना, त्यालाही न आठवणारा पासवर्ड मागेल आणि त्याच्याशिवाय पाऊलही पुढे टाकणार नाही, मग संध्याकाळपर्यंत मामा दिसायचे नाहीत, हे तिनं एका दमात सांगितलं. आणि मग खाली बघत म्हणाली, "फोनले काय व्हयेल नही. तारीख दखा."

मी सेटिंगमध्ये गेलो. तारीख कालची, आणि साल पुढच्या वर्षाचं! पडद्यावर दिवस दिसतो, साल दिसत नाही, म्हणून कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं. पहाटे अंधारात घाईघाईनं आकडे फिरवताना सीमाचं बोट सालावरही सरकलं होतं. पुढच्या वर्षात जाऊन बसलेल्या फोनला अ‍ॅप जुनंच दिसणार. ज्याचं सालच चुकलंय त्याच्यावर स्टोअरचा भरवसा बसणार कसा? आणि पुढच्या सालाचं पंचांग तर फोनात भरलेलंच नव्हतं.

"तारीख कोनी बदली?" काकूंनी विचारलं.

"मी." सीमा उभीच होती. "आज एकादशी शे, आत्या. दर एकादशीले मी बदलस. क्षय बिय काही नव्हता."

चुलीवरचं पिठलं खाली लागल्याचा वास आला तरी कुणी हललं नाही. काकूंचा चेहरा मी मजुरांवर तापलेला पाहिलाय, भाऊबंदांवर तापलेला पाहिलाय. हा तसा नव्हता. त्या दुखावल्या होत्या.

"माले फसाडं तू," त्या हळूच म्हणाल्या. "देवना घर मी काय तोंड दखाडू? सकाय मन्हा भाऊनी छाती फाडतीन. मी मांगाले जासू ते देव म्हनी, तू ते एकादशीले पोटभर जेवनी!"

सीमा रडली नाही. रडली असती तर मला बरं वाटलं असतं. ती म्हणाली, "तुमनी एकबी एकादशी खाली गई नही. तुम्ही जेवन्यात त्या दिन मी धरी. पानीबी पिधं नही. तुमनं नाव लिसन धरी."

मला एकदम आठवलं. मागच्या पंधरवड्यात भर उन्हात ही मिरची तोडत होती. मी पाण्याची बाटली पुढे केली तर नको म्हणाली. मला वाटलं, लाजते.

काकूंनी तिच्याकडे मान वळवली. मोतीबिंदूच्या डोळ्यांना किती दिसलं ते देव जाणे. मग मला म्हणाल्या, "तू काय दखी ऱ्हायना? तारीख नीट कर!"

मी तारीख आपोआप लागेल असं करून ठेवलं. स्टोअर एका क्षणात उघडलं, पण आता त्याची गरजच नव्हती. कॉलचं अ‍ॅप जणू काही झालंच नाही अशा थाटात चालू झालं. हेमकांतनं पहिल्याच घंटीला फोन उचलला आणि पडद्यावर सुपडूमामा आले, नाकात नळी, दाढी वाढलेली, पण हसत. काकूंनी फोन पार नाकाला लावला.

"ताई, जेवनी का?" मामांनी विचारलं.

"जेवनू," काकू म्हणाल्या. "पोटभर जेवनू. मन्ही एकादशी मन्ही सून धरस." मग थोडं थांबून म्हणाल्या, "भिऊ नको, सुपडू. आते तुन्हा करता कोन मांगी, ते दख."

त्यांनी फोन सीमाकडे वळवला. सीमा मागे सरली, तर काकूंनी तिचं मनगट धरलं.

"पुन्य तुन्हा आंगे शे, मन्हा आंगे काहीच नही," त्या म्हणाल्या. "मन्हं देव आयकाव नही. तू मांग वं माय. मन्हा भाऊले मांगी ले."

सीमानं पिठाचे हात पदराला पुसले आणि सुपडूमामांसमोर उभं राहून जोडले.