कर्ज फिटल्याचे रोडगे

साठ माणसांची पंगत उठत आली होती, वांग्याची भाजी तिसऱ्यांदा फिरत होती आणि मी तुपाचं भांडं घेऊन मिरवत होते. तेवढ्यात आमचे ब्रँच मॅनेजर खान साहेब हात धुऊन आले आणि म्हणाले, "मॅडम, रोडगे एक नंबर. पण ही दावत कशाची?"

"घराचं कर्ज फिटलं, साहेब!" मी म्हणाले.

"कोणी सांगितलं?"

"मी स्वतः सिस्टीमवर पाहिलं. बॅलन्स शून्य."

खान साहेबांनी शांतपणे रुमालाने हात पुसले. "मॅडम, मुद्दल शून्य झालं, मुबारक. पण व्याज कोण भरणार? मी?"

तेव्हा मी पंचेचाळीसची होते. बँकेत वीस वर्षं झाली होती, त्यातली पाच होम लोनच्या टेबलावर. अमरावतीतल्या माझ्या घराला बँकेकडूनच स्टाफ लोन मिळालं होतं. आमच्या त्या कर्जाचा नियम वेगळा होता. पगारातून आधी सगळं मुद्दल कापायचं आणि बाजूला साचलेलं व्याज शेवटच्या पाच वर्षांत घ्यायचं. कागदावर मी सही केली होती, पण सही करताना माझं सगळं लक्ष स्वयंपाकघरातल्या कडप्प्याच्या ओट्यावर होतं. पंधरा वर्षांनी मुद्दलाच्या रकान्यात शून्य दिसलं आणि बाईसाहेबांनी, म्हणजे मी, दिरांच्या शेतात गोवऱ्या पेटवून रोडगे भाजले. ज्यांना रोडगे माहीत नाहीत त्यांच्यासाठी सांगते : कणकेचे जाड गोळे, गोवऱ्यांच्या आरात, म्हणजे निखाऱ्यांत, भाजलेले, वर तुपाची धार. आमच्या वऱ्हाडात नवस फिटला की हेच करतात. माझा नवस फिटायला मात्र अजून पाच वर्षं होती. पुढचे साठही हप्ते मी मान खाली घालून भरले, आणि तेवढी वर्षं माझे दीर भेटले की विचारायचे, "वहिनी, पुढचे रोडगे कधी?"

एवढी अद्दल घडल्यावर माणूस शहाणा व्हायला हवा. मी झाले, पण निम्मीच. उरलेली निम्मी अक्कल मला अकोल्याला बदली झाल्यावर गजानन तायडेने दिली.

गजानन मूळचा पातूरचा. अकोल्यात त्याचं मोटर रिवाइंडिंगचं दुकान. विहिरीवरची मोटर जळली की तो आतली जुनी तार काढून नवी बारीक तार गुंडाळायचा. वय पन्नास. चष्मा कायम कपाळावर. सात वर्षांपूर्वी त्याने आमच्याकडून बारा लाखांचं घरकर्ज घेतलं होतं, वीस वर्षांसाठी. व्याज नऊ टक्के. मधे दर थोडा खालीवर झाला, पण हिशोब सोपा राहावा म्हणून मी इथे नऊच धरते. हप्ता दहा हजार आठशेच्या आसपास. एकही हप्ता चुकलेला नाही.

एका सोमवारी तो माझ्या टेबलासमोर येऊन बसला. चेहरा असा उजळलेला की मी विचारलं, "काय गजाननभाऊ, लेकीचं जमलं का?"

"नाई मॅडम. पातूरच्या घरातला माह्या हिस्सा भावाने घेतला. तीन लाख खात्यात टाकले. आता कर्ज खतम करा अन् माह्ये घराचे कागद द्या."

"तीन लाखांत?"

"बाराचं कर्ज. सात वर्षांत नऊ लाख सात हजार भरले. म्या मोजले. बारातून नऊ गेले, राह्यले तीन."

मी स्क्रीन त्याच्याकडे वळवली. बाकी होती नऊ लाख नव्वद हजार.

त्याने तो आकडा बोट ठेवून वाचला. मग एकदम उठला. "सात वर्षं म्या भरले तरी काय मंग?"

इथे मी माझी हुशारी दाखवली. सिस्टीममधून त्याच्या हप्त्यांचं अख्खं शेड्यूल काढलं, सात पानं, सगळं इंग्रजीत, आणि त्याच्या हातात दिलं. "यात सगळं आहे, वाचा," म्हणाले आणि समजावल्याचं समाधान मानून पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळले. आठवलं की आजही स्वतःच्या कानाखाली वाजवावीशी वाटते. गजाननने ती पानं टेबलावरच ठेवली आणि निघून गेला.

गुरुवारी तो परत आला, या वेळी बायकोला घेऊन. सुनंदाताई पहिल्यांदाच बँकेत आत येऊन बसल्या होत्या. हातात एका खासगी फायनान्सचं चकचकीत पत्रक.

"मॅडम, क्लोजर लेटर द्या," गजानन म्हणाला. क्लोजर लेटर म्हणजे कर्ज पुरतं बंद करायला किती पैसे लागतील याचं बँकेचं पत्र. दुसरीकडे कर्ज हलवायचं तर ते लागतं. "आमी लोन तिकडे नेऊन राह्यलो. चार वाजता सही आहे. तुमचं नऊ टक्के, त्यांचं सहा."

"सहा?" माझे कान टवकारले. "फ्लॅट का?"

"हो, फ्लॅट. म्हनजे पक्कं. खालीवर होत नाई."

मी पत्रक ओढून घेतलं. दहा लाख, वीस वर्षं, हप्ता नऊ हजार एकशे सदुसष्ट. पत्रकावर पेनाने लिहिलेलं होतं. हप्त्यात सोळाशे रुपयांची बचत, त्यामुळे दोघंही खूश.

मी तडक मॅनेजरच्या केबिनमध्ये गेले. निखिल सर पुण्याहून बदलून आलेले, माझ्या मुलाच्या वयाचे.

"सर, तायडेंचं खातं चाललंय. फ्लॅट रेटवर."

"लेटर मागितलंय ना? मग द्यावं लागेल, मॅडम. अडवता येत नाही."

"देते की. पण प्रिंटरला जरा वेळ लागेल."

"काय झालं प्रिंटरला?"

"अजून काही नाही," मी म्हणाले आणि बाहेर आले. प्रिंटर त्या दिवशी अगदी ठणठणीत होता, हे आता रिटायर झाल्यावर सांगायला हरकत नाही.

घड्याळात अडीच वाजले होते. शेड्यूल काढायची चूक या वेळी करायची नव्हती. मी चहा मागवला आणि विचारलं, "गजाननभाऊ, शेतकऱ्याची मोटर दुरुस्तीला आली की तोवर तुम्ही त्याला दुसरी देता का?"

"देतो ना. भाड्यानं."

"समजा एका बागाइतदाराने दहा मोटारी नेल्या. महिन्याभराने पाच परत आणून दिल्या. पुढचं भाडं कितीचं घ्याल?"

"पाचाचं."

"दहाचंच घेतलं तर?"

"मॅडम, मारन ना तो मले!"

"मग फ्लॅट म्हणजे हेच. तुम्ही दहा लाख घेतले. पाच लाख परत केले, आठ लाख परत केले, तरी भाडं वीस वर्षं दहा लाखांचंच."

गजाननने चष्मा कपाळावरून डोळ्यांवर आणला. "अन् तुमचं नऊ?"

"आमचं जेवढं बाकी तेवढ्यावरच. याला रिड्यूसिंग म्हणतात. त्यांचं सहा फ्लॅट आमच्या पद्धतीने मांडलं तर सव्वानऊच्या आसपास जातं."

"हे तुमी म्हनून राह्यल्या," सुनंदाताई पहिल्यांदा बोलल्या. "बँकवाले आपलंच खरं म्हनतीन. मी त्यालेच इचारतो." त्यांनी पर्समधून फोन काढला, नंबर लावला आणि स्पीकर सुरू करून माझ्या टेबलावर ठेवला.

"नमस्ते ताई! निघालात ना?" पलीकडून एजंटचा गोड आवाज.

"निंघतो भाऊ. एक सांगा, आमी समजा पाच लाख मुद्दल फेडलं, त मंग व्याज पाचावर लागन का दहावर?"

"ताई, फ्लॅट आहे! पहिल्या दिवशी जे ठरलं तेच शेवटपर्यंत. टेन्शनच नाही."

"म्हनजे दहावरच?"

"ताई, तुम्ही हप्ता बघा ना. सोळाशे कमी!"

सुनंदाताईंनी फोन बंद केला. "त्यानं हो म्हटलं नाई अन् नाई म्हटलं नाई."

"आता हप्ता गुणिले महिने करा," मी म्हणाले आणि कॅल्क्युलेटर त्यांच्यापुढे सरकवला. नऊ हजार एकशे सदुसष्ट गुणिले दोनशे चाळीस. बावीस लाख. मग आमच्याकडचे उरलेले हप्ते : एकशे छप्पन. सोळा लाख पंच्याऐंशी हजार. त्यांनी दोनदा केलं. मग नवऱ्याकडे वळल्या.

"अवो, तुमचं वय किती?"

"पन्नास. तुले माहीत नाई का?"

"त्यात वीस घाला. सत्तर वर्षांचे होईस्तोवर तार गुंडाळसान का? आत्ताच सुईत दोरा मले ओवून मागता!"

आता खरा प्रश्न टेबलावर आला होता. रुपये तर होतेच, पण गजाननच्या डोळ्यांना आणखी किती वर्षं त्या स्टुलावर बसायचं, हे त्या दुपारी ठरत होतं. तिकडे गेला तर सत्तर. आमच्याकडे गप्प राहिला तरी त्रेसष्ट.

"पण मॅडम," गजाननचा आवाज पुन्हा चढला, "सात वर्षांत मुद्दल दोनच लाख फिटलं, हे बी खरंच आहे ना? मंग तुमी बी लुटलंच!"

"पहिला हप्ता आठवा," मी म्हणाले. माझाही आवाज चढला होता, काय करणार. "बारा लाखांचं एका महिन्याचं व्याज नऊ हजार. तुम्ही भरले दहा हजार आठशे. उरले अठराशे, तेवढंच मुद्दलातून गेलं. सुरुवातीला सगळ्या मोटारी तुमच्याकडेच होत्या, भाऊ! भाडं भारी. जसजशा परत जातील, तसं भाडं कमी आणि मुद्दल जास्त. म्हणून जे जास्तीचं द्यायचं ते लवकर द्यायचं. आणि ते तीन लाख अजून आहेत ना तुमच्याकडे?"

"आहेत."

"द्या मुद्दलात! आजच्या आज!"

निखिल सर केबिनच्या दारात आले. "मॅडम, हॉलमध्ये आवाज येतोय. भांडण झालंय का?"

"नाही सर, वऱ्हाडीत समजावतेय."

सर मागे उभे राहून ऐकायला लागले. मी सिस्टीममध्ये तीन लाख टाकून पाहिले. इथे दोन रस्ते फुटतात, आणि बरेच लोक चुकीचा धरतात. पैसे मुद्दलात भरल्यावर हप्ता कमी करून घेता येतो, किंवा हप्ता तोच ठेवून मुदत कमी करता येते. हप्ता कमी केला तर तो साडेसात हजारांवर येत होता, पण वर्षं तीच तेरा. हप्ता तोच ठेवला तर उरत होते अठ्ठ्याऐंशी महिने. सव्वासात वर्षं. चार लाखांच्या वर वाचत होते.

"म्हणजे किती वय होईल?" हे चक्क निखिल सरांनी विचारलं.

"सत्तावन्न!" सुनंदाताई माझ्या आधी ओरडल्या. हॉलमधल्या चार माणसांनी वळून पाहिलं.

गजानन मात्र खाली मान घालून बसला होता. "म्या तं तीन लाख घेऊन कागद मागाले आलतो. सारे हसले असतीन."

मग मी त्याला माझे रोडगे सांगितले. साठ माणसं, तुपाचं भांडं, खान साहेबांचा रुमाल, सगळं. तो आधी खुदकन हसला आणि मग इतका हसला की चष्मा पुन्हा कपाळावर गेला. "बँकेतल्या असून बी, मॅडम?"

"असूनबी," मी म्हणाले.

अर्ज त्याने तिथेच लिहिला : हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी. फ्लोटिंग, म्हणजे खालीवर होणाऱ्या दराच्या घरकर्जात आधी पैसे भरले म्हणून दंड लागत नाही, हेही त्याला त्याच दिवशी कळलं. पावणेचारला सुनंदाताईंनी एजंटला फोन करून सांगितलं, "भाऊ, येत नाई. तुमच्या मोटारीचं भाडं परवडत नाई." त्याला काय कळलं असेल कोण जाणे.

त्यानंतर दर उन्हाळ्यात मोटारी जळायला लागल्या आणि गजाननच्या कमाईचे दिवस आले की तो पाचपन्नास हजार मुद्दलात टाकून जायचा. अर्जावरचं ते एक वाक्य प्रत्येक वेळी सुनंदाताई तपासायच्या. मी मधेच रिटायर होऊन अमरावतीला आले आणि नातवंडांच्या मागे धावायला लागले.

मागच्या हिवाळ्यात फोन आला. "मॅडम, गुरुवारी पातूरले या. रोडगे आहेत." गजानन पंचावन्नचा झाला होता.

नातवंडं मला विचारतात, आजी, तू बँकेत काय करायची? मी सांगते, लोकांना गुणाकार शिकवायची. हप्ता सांगणारे पुष्कळ भेटतात. महिने किती ते आपण विचारायचं, दोघांचा गुणाकार करायचा आणि मगच सही करायची. शेवटी कर्ज संपल्याचं बँकेकडून लेखी घ्यायचं, म्हणजे एनओसी. स्क्रीनवरच्या शून्यावर जेवणावळ घालू नये. याबाबतीत माझा अनुभव दांडगा आहे.

त्या गुरुवारी पातूरला गजाननच्या भावाच्या शेतात पोचले तेव्हा दुपार टळत आली होती. कणीक मळून ठेवलेली, वांगी चिरून पाण्यात, गोवऱ्यांचा ढीग रचलेला. पण आर नाही. पाहुणे भुकेले, पोरं रडकुंडीला. मी विचारलं, "अजून पेटवलं नाही?"

सुनंदाताई पदर खोचून लगबगीने पुढे आल्या. हातात प्लास्टिकची फाइल. ती उघडून त्यांनी वरचा कागद माझ्यापुढे धरला आणि सगळ्यांसमोर म्हणाल्या, "मॅडम, तुमचीच वाट पाहून राह्यलो. पयले हे एनओसी डोळे फाडून वाचा. मुद्दल बी फिटलं अन् व्याज बी फिटलं असन, तं मंगच काडी लावतो."